दूध कुणाचं? (वाचकांचे प्रश्न, बाईंची उत्तरं)

संपादकांनी या खेपेला पत्रं पाकिटातून न पाठवता कापडी पिशवीतून पाठवली, तेव्हाच ओळखलं की माझ्या अद्भुतकथेच्या मालिकेचा अकरावा भाग लोकांना झोंबलाय. पिशवीतली जवळजवळ सगळी पत्रं विरजणीवर आहेत. पठारावरच्या मुरवण्या थेंबभर ओजाचं घटभर ओज करतात ते कसं, आणि थोरलीनं सख्ख्या बहिणीला त्या रिंगणात का निजवलं.

ज्यांनी मालिका मधूनच धरली त्यांच्यासाठी आधी थोडक्यात सांगते. पठारावर ओज म्हणजे अशी शक्ती, जिच्यानं आटलेल्या आडाला पाणी लागतं, बसलेली गाय उठते, घाटातलं धुकं बाजूला सरतं. मुळात ते फार थोडं असतं, मुरवणी ते कवडीत जपते. अमावास्या सोडून कुठल्याही रात्री आडाभोवती सातजण डोकी आत करून निजतात. मधे कोमट घट, घटात कवडीतला थेंब. सातजणांना आजवर जे बोलायचं होतं आणि बोलायचं राहिलं, ते झोपेत घटात उतरतं. पहाटेला घट भरलेला असतो. मुरवणी त्यातलं चमचाभर पुन्हा कवडीत राखते, बाकीचं गावाच्या कामी येतं. आणि त्या सातजणांना ती राहिलेली वाक्यं नंतर कधीच बोलता येत नाहीत. जीभ वळते, पण आवाज उमटत नाही.

आता पत्रं.

बाई, ही कल्पना तुम्हाला सुचली कशी? स्वप्नात वगैरे? (बँकेतून निवृत्त, सांगली)

स्वप्नात कुठली, लाज वाटली म्हणून सुचली. तिसरा भाग पहिल्यांदा लिहिला तेव्हा विरजणी नव्हतीच. सात दगडी खांब होते. मधे ओज ठेवायचं, ते खांबाखांबावर आपटायचं आणि सातपट व्हायचं. मला ते भारी देखणं वाटलं होतं. छापायला देण्याआधी माझ्या एका जुन्या विद्यार्थ्याला वाचायला दिलं. तो आता वीज उपकेंद्रावर नोकरीला आहे, नववीत मागच्या बाकावर झोपायचा. त्यानं कागद परत केले, समासात पेन्सिलीनं एवढंच लिहून : ‘बाई, बाकीचं सहापट कुठून आलं?’

31 वर्षं मी फळ्यावर लिहीत आले की ऊर्जा निर्माण करता येत नाही आणि नष्टही करता येत नाही. झोपलेल्या पोरानं ते ऐकलं होतं, लिहिणारी मात्र विसरली होती.

खांब पाडले. पंधरा दिवस गाडी अडली. गणपतीचे दिवस होते, गल्लीत कर्णा लागला होता. एक पोरगं माइकमध्ये ‘हॅलो, चेक, चेक’ करत होतं आणि आमच्या खिडकीच्या काचा थरथरत होत्या. त्या पोराच्या गळ्यात काचा हलवण्याएवढा जोर नाही. जोर येतो खांबावरून ओढलेल्या वायरीतून. पोराचा आवाज फक्त त्या विजेला सांगतो, आता अशी हल, आता तशी हल. बार्डीन आणि ब्रॅटन या दोघांनी 1947 च्या डिसेंबरात बेल लॅबमध्ये ट्रान्झिस्टर चालवून दाखवला, त्याचंही कूळ हेच. बारीक प्रवाह मोठ्या प्रवाहाची तोटी उघडझाप करतो, मोठा प्रवाह बॅटरीचा असतो. वर्गात मी याला ‘सुनेनं सासऱ्याच्या पैशानं केलेला मोठेपणा’ म्हणायची. आता म्हणणार नाही, सुना कमावत्या झाल्या.

मग एका रात्री विरजण लावताना, दूध कोमट झालं का ते करंगळीनं बघत असताना, अडलेलं सुटलं. चमचाभर विरजणानं लिटरभर दही होतं. त्या चमच्यानं लिटर आणलेलं नसतं, ते दूध आपण ओतलेलं असतं. विरजणातले जिवाणू दुधातली साखर खातात, आंबटपणा सोडतात, त्या आंबटपणानं दुधातली प्रथिनं थिजतात. म्हणजे ‘वाढलं’ म्हणायचं तर वाढला तो विरजणाचा स्वभाव. त्याचा ऐवज दुसऱ्याचा. तेव्हा मला एकच ठरवायचं होतं, पठारावर दूध कुणाचं?

दुधाच्या जागी राहिलेले शब्दच का? रक्त, आयुष्य, प्राण हे नेहमीचे नैवेद्य का नाहीत? (संस्कृतच्या प्राध्यापिका, नागपूर)

रक्ताचा कंटाळा आलाय हो. कुठलीही अद्भुतकथा उघडा, शेवटच्या चार पानांत कुणीतरी तळहात चिरतोच. दुसऱ्या ओळीला पट्टी बांधली की झालं, पुढच्या भागात हात बरा.

तुम्ही संस्कृतच्या, तेव्हा तुम्हाला हे सांगणं म्हणजे गुळाला गोडी शिकवणं. पण बाकीच्यांसाठी लिहिते. ऋग्वेदाच्या पहिल्या मंडलात 164 व्या सूक्तात एक ऋचा आहे. वाणीची पदं चार, त्यांतली तीन गुहेत दडलेली, माणसं बोलतात ती चौथी. पुढच्या काळात परा, पश्यंती, मध्यमा आणि वैखरी अशी त्यांची नावं रुळली. मिरजेत आमच्या वाड्यात एक कीर्तनकार भाडेकरू होते, ते भाड्याच्या बदल्यात आम्हा पोरांना हे सांगायचे. परा बेंबीपाशी, पश्यंती काळजापाशी, मध्यमा गळ्यापाशी, वैखरी ओठावर. माझ्या भावानं विचारलं होतं, ‘काका, गळ्यापर्यंत आली आणि अडकली तर?’ काका म्हणाले, ‘तर तिथंच राहते.’ त्यांनी पुढे काही सांगितलं नाही, आणि मला वाटतं मालिकेचं बी तिथंच पडलं.

चारांतला एकच भाग बाहेर येतो. उरलेले तीन पाव कुठेतरी साठत असणार. एवढं दूध घराघरात रोज तापतंय आणि कुणी विचारत नाही! मी एक दिवस हिशेब मांडून पाहिला, सकाळपासून किती वाक्यं गळ्याशी आली आणि गिळली. भाजीवाल्यानं पिशवीच्या तळाशी नासका टोमॅटो सरकवला, ते मी पाहिलं होतं. शेजारच्या वहिनींनी तिसऱ्यांदा नेलेली पोळीची परात परत आणली नाही. पाठोपाठ अशी बारा वाक्यं वहीत उतरली. अकरा क्षुल्लक निघाली, बाराव्यावर मी वही मिटली. मुरवणीला त्या अकरांचा फारसा उपयोग नसतो. तिला ते बारावं लागतं.

तुम्ही मिरजेच्या. मग तंबोऱ्याची जवारी सोडून स्वयंपाकघरात कशाला शिरलात? नाद वाढवणारी याहून सुंदर गोष्ट कुठली? (गाणं शिकणारा, कोल्हापूर)

मुला, तू माझ्या वर्मावर बोट ठेवलंस. खांब पाडल्यावर पहिलं मी तंबोऱ्याकडेच गेले होते.

सतारमेकर गल्लीतून शाळेला जायचा माझा रस्ता. ही घराणी मूळची शिकलगारांची, तलवारी-भाल्यांना धार लावणाऱ्यांची, आणि त्याच हातांनी पुढे वाद्यं घडवली. पंढरपूरकडच्या भागातून मोठाले भोपळे यायचे, उन्हात वाळत पडलेले असायचे, त्यांवर पाय देऊ नये म्हणून आम्ही मुली उड्या मारत जायचो. मिरजेच्या सतार-तंबोऱ्याला 2024 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. आम्हाला ते भोपळ्यांवरून उड्या मारतानाच मिळालं होतं.

जवारी काढताना कारागीर घोडीचा, म्हणजे तारा जिच्यावर टेकतात त्या पट्टीचा, माथा हलक्या हातानं घासतो, तार छेडतो, ऐकतो, पुन्हा घासतो. अर्धा दिवस जातो. मग तारेखाली सुताचा धागा सरकवतो, केसभर इकडे, केसभर तिकडे. आणि एका जागी तार उघडते. आतापर्यंत ‘टण्’ करून बसणारी तार झिणझिणत उठते, तिच्यातून वरचे स्वर एकामागून एक बाहेर पडतात, खर्जातून गंधार ऐकू येतो. लहानपणी मला खात्री होती की धाग्यात काहीतरी आहे. मी एकदा तो धागा चोरून आणला होता. आईनं कान धरून परत नेऊन दिला.

पण शिक्षिका म्हणून बघ. बोटानं तारेला जेवढं दिलं, तेवढंच तिच्यात आहे. जवारी त्यात गुंजभरही घालत नाही, एका स्वरात गोळा होऊन बसलेलं ती वरच्या स्वरांत वाटून देते. भोपळा आवाज मोठा करतो खरा, पण तारेच्या साठ्यातूनच, तो साठा हवेत भराभर खर्चून. जितकं मोठं वाजतं तितकं लवकर विझतं. तेव्हा तंबोरा वाढवणारा नाही, उघडणारा आहे. माझ्या गोष्टीला चोरी हवी होती, दुसऱ्याच्या दुधातून केलेली. तंबोऱ्यात चोर नाही, म्हणून तो मला चालेना.

तरी वाया काही जात नाही. घाटापलीकडची मुकी माणसं चौदाव्या भागात येणार आहेत. ती ओज वाढवत नाहीत. घट घासतात. वर्षानुवर्षं घासतात, इतका की थेंबभर ओजातच सगळं ऐकू यावं. त्यांच्यात आणि मुरवण्यांमध्ये उभा दावा आहे. संपादक म्हणतील, पुढचं फोडू नका. फोडलं.

एका रिंगणात ओज दुप्पट होतं असं धरलं, तरी ते सारं पुढच्या घटात ओतून 64 रिंगणं केली की दुष्काळाचा प्रश्न कायमचा संपत नाही का? तुमच्या मुरवण्यांना गणित येत नाही. (अभियांत्रिकी, दुसरं वर्ष, पुणे)

तुला येतं. छान. मग पुढेही कर.

64 वेळा दुप्पट म्हणजे बुद्धिबळाच्या पटावरचे तांदूळ. एका दाण्यापासून सुरू केलंस तर शेवटी सुमारे 184 परार्ध होतात, म्हणजे 184 पुढे सतरा शून्यं. भास्कराचार्यांनी संख्यांची नावं दिली त्यांतलं परार्ध हे शेवटचं, आणि तुझं पठार त्याच्याही पलीकडे गेलं. एवढ्या ओजानं आड भरणार नाही, आड, गाव आणि डोंगर एकत्र वाहून जातील.

पण गंमत अशी की ते होतच नाही, दोन कारणांनी. पहिलं, दूध. चौसष्टाव्या रिंगणाला चौसष्टाव्या रिंगणाएवढी राहिलेली वाक्यं हवीत. तेवढी माणसं जन्मालाच आलेली नाहीत. दुसरं कारण मला जास्त आवडतं. दही लागतं ते आंबटपणामुळे, पीएच 4.6 च्या आसपास आला की. पण तिथून आणखी उतरला की तोच आंबटपणा जिवाणूंच्या जिवावर येतो. त्यांना आवर घालणारं विष बाहेरचं नसतं, त्यांनीच केलेलं असतं. उन्हाळ्यात दही दुपारपर्यंत बाहेर ठेवून बघ. संध्याकाळी त्याचं विरजण लाव, सकाळी पाण्यासारखं काहीतरी मिळेल.

ओजही आंबतं. सातव्या भागात एका मुरवणीनं हव्यासापायी एकच घट चारदा मुरवला, आठवतं? बाजाराच्या दिवशी तिच्या तोंडून अठ्ठावीस जणांची वाक्यं एकदम बाहेर पडायला लागली. ‘तुझ्या बापानं माझं बांधावरचं झाड तोडलं’ इथपासून ‘मी तुलाच मागणी घालणार होते’ इथपर्यंत. लोक हसले आधी. मग कुणी हसेना. तो प्रसंग अनेकांना विनोदी वाटला, मला लिहिताना घाम फुटला होता.

विरजणी आणि मंत्राचं पुरश्चरण यांत मला साम्य दिसतं. आपण त्यावरूनच घेतलं का? घेतलं असल्यास तसा उल्लेख असावा. (याज्ञिकी करणारे, वाई)

गुरुजी, नमस्कार. तुमचं म्हणणं मानाचं आहे, पण कर्ज त्या खात्यात नाही.

पुरश्चरण मी जवळून पाहिलंय. वडिलांच्या मामांनी गायत्रीचं केलं होतं. जप 24 लाख. त्याच्या दशांश हवन 2,40,000, हवनाच्या दशांश तर्पण 24,000, मग मार्जन 2,400, आणि शेवटी ब्राह्मणभोजन 240 पानांचं. त्या पानांचा खर्च कुणी करायचा यावरून घरात जे झालं ते असो. पण आकडे बघा, दर पायरीला दहावा हिस्सा उरतो. हा वाढवण्याचा व्यवहारच नाही. ही बासुंदी आहे, आटवत आटवत आणायची. विरजणात चमच्याचा लिटर होतो, पुरश्चरणात 24 लाखांचं 240 होतं. माझ्या मुरवण्यांना तेवढा धीर नाही.

रामायणातून मी घेतलं आहे ते वेगळं, खर्चाचा हिशेब. बालकांडातला विश्वामित्र घ्या. हजार वर्षं तप साठवतो आणि त्रिशंकूला सदेह स्वर्गात पाठवण्यात घालवतो. मेनकेपायी दहा वर्षं जातात. रंभेवर चिडून तिला शिळा होण्याचा शाप देतो आणि त्या एका रागानं पुन्हा गंगाजळी रिकामी. तप कुठे साठलं, कशावर उडालं, हे कवी चोख सांगतो. मी त्यात भर घातली ती एवढीच की माझ्याकडे साठा एकाचा आणि खर्च दुसऱ्याचा.

माझ्या मुलानं मित्राच्या नादानं ‘शरीरातली ऊर्जा सातपट वाढवणारं’ तांब्याचं यंत्र 11,000 रुपयांना घेतलंय. तुमची मालिकाही तो वाचतो. असं काही खरंच असतं का? (गृहिणी, सोलापूर)

नसतं. ताई, मालिकेतलं कागदावर चालतं, कागदाबाहेर एक पाऊल नाही. यंत्राला वायर आहे का विचारा. नसेल तर सातपट कुठून येणार? ते विकणाऱ्याकडे गेलेत, 11,000 रुपये. पावती असेल तर जपून ठेवा. विकणाऱ्यानं चमत्काराचा दावा केला असेल तर 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्यात चमत्काराच्या नावानं फसवून पैसे उकळणं हा गुन्हा आहे. पोलीस ठाण्यात मुलाला बरोबर घेऊन जा, त्याला रागावून घरी बसवू नका. तांबं मोडीत घालू नका, पुरावा आहे.

थोरलीला तुम्ही सोडून दिलंत. सख्ख्या बहिणीला न विचारता रिंगणात निजवते आणि पुढच्या भागात गाव तिची ओटी भरतं? मी रात्रपाळी करते, पहाटे घरी येऊन तो भाग वाचला आणि रागानं झोप लागली नाही. (परिचारिका, बडोदे)

तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. अक्षर शेवटी शेवटी कागद फाडायला आलंय.

थोरलीची बाजू अशी. आड आटून नववा दिवस. गावात चाळीस उंबरे, पण रिंगणात निजायला कुणी तयार नाही, कारण मागच्या वर्षी निजलेल्यांचं काय झालं ते सगळ्यांनी पाहिलंय. सहाजण मिळाले. सातवं हवं. धाकटी अंगणात गाढ झोपलेली. थोरलीनं तिची गोधडी चारी टोकांनी उचलून आडापाशी नेली. तेवढंच तिनं केलं. मी मुद्दाम ते एका ओळीत लिहिलं, कारण अशी कामं एका ओळीतच होतात.

धाकटीच्या गळ्याशी काय होतं ते वाचकाला ठाऊक नाही, थोरलीलाही नाही. तुम्ही विचारता म्हणून सांगते, मलाही तेव्हा माहीत नव्हतं. तीनदा लिहिलं, तीनदा खोडलं. एकदा ते क्षमेचं वाक्य होतं, एकदा शिवीचं. शेवटी कोरं सोडलं. आता धाकटी रोज बहिणीसमोर बसते, तोंड उघडते, मिटते. थोरली दर वेळी ‘काय गं?’ म्हणते. आणि गाव ओटी भरतं, कारण गावाला पाणी मिळालं. गावाला मी याहून चांगलं दाखवू शकत नाही, तुम्ही आणि मी पाहिलेली गावं अशीच आहेत.

माझी आक्का इचलकरंजीला होती. शेवटच्या आजारात रोज सातला फोन करायची. एके दिवशी मला कुकरची घाई होती, मी ‘उद्या बोलू’ म्हणून ठेवला. तिला त्या दिवशी काहीतरी सांगायचं होतं, ‘अगं ऐक’ अशी तिनं सुरुवात केली होती. दुसऱ्या दिवशी फोन भाच्यानं केला. तिला काय सांगायचं होतं याचा मी पुष्कळ अंदाज बांधला. कदाचित लोणच्याची बरणी कुणाला द्यायची, एवढंच असेल.

म्हणून थोरलीला मी सोडून दिलेलं नाही. तिला मी रोज ‘काय गं?’ विचारायला ठेवलंय.

आईनं मला इकडे येताना दह्यात भिजवून वाळवलेला रुमाल दिला होता, कोमट दुधात बुडवला की विरजण. पठारावरचं ओज वाळवून नेता येतं का? आणि सगळ्यात पहिलं ओज आलं कुठून? (न्यू जर्सी)

नेता येतं. पाचव्या भागातला फिरस्ता कवडीच्या दातांत वाळलेलं ओज घेऊनच उतरला होता, तुम्ही पान उलटलंत वाटतं.

पहिलं कुठून? हा प्रश्न मी आईला विचारला होता, विरजणाबद्दल. म्हणाली, सासूबाईंकडून. त्यांना? त्यांच्या सासूबाईंकडून. मग वैतागून म्हणाली, ‘कुणीच नसलं तर हिरव्या मिरच्या देठासकट घाल, लागतं.’ खरंच लागतं, पहिलं जरा चिकट, दुसऱ्या खेपेला नीट. आमच्याकडे एकदा मांजरानं सट सांडली, तिन्हीसांज झालेली, आणि तिन्हीसांजेला दही-विरजण कुणी देत नाही. तेव्हा आईनं मिरच्याच घातल्या. पठारावरच्या मिरच्या कुठल्या, ते मला सुचलेलं नाही. सुचलं की लिहीन.

बाई, मी आणि ताई गच्चीवर डोकी जोडून झोपलो. मधे तांब्या ठेवला होता. मनातलं काही बोललो नाही. सकाळी तांब्यात काहीच नव्हतं, एक मुंगी होती. आमचं काय चुकलं? (इयत्ता पाचवी, चिपळूण)

तुझं पत्र पिशवीत सगळ्यात खाली होतं, म्हणून उशीर झाला. पहिली चूक, सातजण लागतात, तुम्ही दोघंच. दुसरी, चिपळुणात उघड्या गच्चीवर कोमट काही राहत नाही, दव पडतं. तिसरी, थेंब कुठे होता? विरजणच घातलं नाहीस तर रात्रभर नुसतं दूध राखलंस. मुंगी आली म्हणजे तांब्याला आधीचा गूळ लागलेला असणार, आईला सांग.

आणि एक. तुझ्या पाकिटाला तिकीट कमी लागलं होतं. संपादकांनी सांगितलं, कमी पडलेल्याच्या दुप्पट पैसे पोस्टमननं त्यांच्याकडून घेतले, आणि त्यांनी ते माझ्या मानधनातून कापून घेतलेत. मला वाटतं विरजणी तुला चांगली जमली आहे.